न दिसणाऱ्यांचे देणे

भाऊबीज उलटली की आमच्या भंडारा जिल्ह्यात गावोगाव मंडई भरू लागते, आणि मंडई म्हटली की रात्री नाटक आलेच. पुण्या-मुंबईच्या वाचकांना झाडीपट्टीच्या या नाटकांची कल्पना असेलच असे नाही, म्हणून थोडे सांगतो. धान कापून मोकळ्या झालेल्या बांधीत मंडप उभा राहतो. वडशाहून नाटकमंडळी येते. रात्री दहाच्या पुढे कधीतरी पडदा उघडतो, आणि नाटक संपते तेव्हा पहाट झालेली असते. तणसावर पोती अंथरून, अंगाभोवती चादरी लपेटून, म्हाताऱ्याकोताऱ्यांपासून तान्ह्या लेकरांपर्यंत सारे गाव बसलेले असते. रंगमंचावर वरून तारांनी मायक्रोफोन टांगलेले असतात, आणि मंडपाच्या एका कडेला, बांबूला टेकून, एक मनुष्य यंत्राच्या बटणांवर बोटे ठेवून रात्रभर जागा असतो. तो लाउडस्पीकरवाला.

मागल्या हंगामातली गोष्ट. भंडारा-पवनी रस्त्यावरच्या आमच्या अड्याळला नाटक चालू होते. मुलगी सासरी निघाली होती, बाप तिच्या डोक्यावरून हात फिरवीत काही बोलणार होता, बायांचे पदर आधीच डोळ्यांना लागले होते. आणि नेमक्या त्याच क्षणी माईकने कानठळ्या बसवणारी शिट्टी मारली. हजारभर माना एकदम त्या कोपऱ्याकडे वळल्या. कोणी ओरडले, कोणी शिवी हासडली. त्याने एक बटण फिरवले, शिट्टी थांबली, माना परत रंगमंचाकडे वळल्या आणि तो मनुष्य पुन्हा अंधारात नाहीसा झाला.

नाटक पुढे चालू राहिले, पण माझे लक्ष उडाले. रात्री दहापासून दोन वाजेपर्यंत प्रत्येक शब्द शेवटच्या ओळीतल्या म्हातारीपर्यंत त्याने पोचवला होता. त्या चार तासांत त्याच्याकडे कोणी एकदाही पाहिले नाही. पाहिले ते चार सेकंदांच्या चुकीसाठी. ज्याचे काम चांगले झाले म्हणजे तो दिसत नाही, आणि बिघडले म्हणजेच तो दिसतो, अशा माणसाच्या कामाची किंमत करायची कशी, आणि ती करायची कोणी?

असे वाटेल की हा प्रश्न नाटकवाल्यांचा आहे. वास्तविक तो आपल्या घरातलाच आहे. आता दिवाळीचे फराळाचे ताट आपल्यापुढे आहे. चकली खुसखुशीत झाली तर आपण चकलीची तारीफ करतो. ती मऊ पडली म्हणजे मात्र ‘कोणी केली?’ हा प्रश्न निघतो. वरणात मीठ बेताचे असले की मिठाची आठवण होत नाही. ज्या दिवशी ते कमी पडते, त्याच दिवशी स्वयंपाक करणाऱ्या बाईचे नाव जेवणाऱ्यांच्या तोंडी येते. मी कादंबऱ्या लिहितो. मुखपृष्ठावर माझे नाव ठळक अक्षरांत असते. ज्याने माझ्या ऱ्हस्व-दीर्घाच्या शेकडो चुका मुकाट्याने सुधारल्या, त्या मुद्रितशोधकाची मला आठवण कधी होते? एखादी चूक राहून गेलेली आढळली म्हणजे.

या प्रश्नाला आपल्याकडे एक तयार उत्तर आहे. फळाची आशा धरू नये, कर्म करीत राहावे. पायाचे दगड दिसत नाहीत, म्हणून काय कळस त्यांच्यावाचून उभा राहतो? शाळेच्या स्नेहसंमेलनात हे मी स्वतः किती वेळा सांगितले असेल याची गणती नाही. परंतु अलीकडे हे उत्तर देताना माझी जीभ अडखळते. मला असे दिसू लागले आहे की पायाच्या दगडाची उपमा नेहमी कळसावर बसलेला मनुष्यच देत असतो. शिवाय दगडाला पोट नसते, आणि त्याला म्हातारा बापही नसतो. ही जीभ अडखळण्याचे कारण सांगायचे तर मला माझ्याच एका अपराधाची गोष्ट सांगितली पाहिजे.

माझा एक जुना विद्यार्थी आहे. लहानपणी त्याला एक विलक्षण खोड होती. वर्गात बसल्या बसल्या, बाहेरून जाणारी सायकल कोणाची, हे तो नुसत्या आवाजावरून सांगायचा. चेन सैल असलेली ग्रामसेवकाची, मडगार्ड वाजणारी दूधवाल्याची. त्याचे म्हणणे सहसा खोटे ठरत नसे. मी त्याला ‘लक्ष कोठे आहे?’ म्हणून बाकावर उभा करीत असे. पुढे तो झाडीपट्टीच्या हंगामात लाउडस्पीकरवाल्याच्या हाताखाली वायरी ओढू लागला, मग नागपूरला गेला आणि तेथून मुंबईला. चित्रपटांच्या आणि मालिकांच्या ध्वनिमुद्रणाच्या कामात तो शिरला.

त्याचे वडील शेतकरी. ‘मुलगा काय करतो?’ असे विचारले की ते भोळेपणाने सांगत, “मुंबईले काठी धरते गुरुजी तो. आता काठी धराले मुंबईले कायले जा लागते, मले त काही समजत नाही.” लोक हसत. मीही हसलो आहे.

काठी धरतो हे खोटे नव्हते. एका लांब, हलक्या दांड्याच्या टोकाला मायक्रोफोन बसवलेला असतो, त्याला ते लोक बूम म्हणतात. नट बोलत असताना तो दांडा दोन्ही हातांनी डोक्यावर उचलून, मायक्रोफोन बोलणाऱ्याच्या तोंडाच्या शक्य तितका जवळ आणि तरीही कॅमेऱ्याच्या चौकटीच्या जरासा बाहेर ठेवायचा. चार बोटे खाली आला तर चित्रात दिसतो, चार बोटे वर गेला तर आवाज पोकळ होतो. दिव्यांची रचना अशी असते की त्याची सावली भिंतीवर पडायला वेळ लागत नाही. ती पडता कामा नये. दोन माणसे बोलत असतील तर एकाचे वाक्य संपता संपता मायक्रोफोन दुसऱ्याकडे वळला पाहिजे, म्हणून नटांच्या बरोबरीने त्यालाही संवाद पाठ असावे लागतात. श्वास मोठ्याने घ्यायचा नाही, पाय बदलायचा नाही. असे बारा-बारा तास. एकदा मी त्याला थट्टेने विचारले, “तू पडद्यावर दिसणार तरी कधी?” तो म्हणाला, “गुरुजी, मी दिसलो तर माझं काम जाईल.”

मी ते वाक्य विनोद म्हणून चारचौघांत सांगत सुटलो. त्यातले दुःख माझ्या ध्यानात आले नाही, आणि त्यातला अभिमानही नाही.

पुढे गावातल्या काही मंडळींनी ठरवले की बाहेरगावी नाव काढलेल्या मुलांचा सत्कार करावा. नावांची यादी करण्याचे काम मास्तर म्हणून माझ्याकडे आले. याचेही नाव कोणी सुचवले. मी फोन करून त्याला विचारले, “तुझे नाव चित्रपटात कोठे येते?” तो म्हणाला, “शेवटी, गुरुजी. सगळं संपल्यावर.” तो चित्रपट टीव्हीवर लागला तेव्हा मी मुद्दाम शेवटपर्यंत बसलो. गोष्ट संपली, पांढरी अक्षरे वर सरकू लागली आणि दोन-चार ओळी दिसतात न दिसतात तोच ती कापून साबणाची जाहिरात सुरू झाली. मी बैठकीत सांगितले, नाव दिसले नाही. आणि लोकांना सांगायचे तरी काय, की हा काठी धरतो? नाव गळले.

सत्काराच्या दिवशी त्याचे वडील धुवट धोतर नेसून दुसऱ्या रांगेत येऊन बसले होते. यादीत नाव होते हे त्यांना कोणीतरी आधी सांगितले असावे, आणि गळल्याचे कोणी सांगितले नसावे. एकेक नाव पुकारले जात होते, एकेक बाप उठून मुलाच्या वतीने नारळ घेत होता. ते शेवटपर्यंत बसले. आभारप्रदर्शन झाले, मंडप रिकामा झाला, तेव्हा उठले आणि मला नमस्कार करून गेले. त्यानंतरच्या पौषात ते वारले.

त्याच्या या धंद्याची हकीकत मी नंतर मिळेल तेथून वाचत गेलो, आणि वाचता वाचता अधिकच ओशाळलो. आपला पहिला बोलपट ‘आलम आरा’ 14 मार्च 1931 रोजी मुंबईच्या मॅजेस्टिक चित्रपटगृहात लागला, हे आपण शाळेत शिकवतो. परंतु स्टुडिओजवळून आगगाड्या धडधडत जात, म्हणून त्याचे पुष्कळसे चित्रण गाड्या थांबल्यावर रात्रीच करावे लागले, आणि वाजवणारे कॅमेऱ्याला दिसू नयेत अशा रीतीने आडोशाला बसवावे लागले, हे शिकवत नाही. बोलपट बोलू लागला त्याच दिवसापासून कोणीतरी लपायला लागला! आज त्या चित्रपटाची एकही प्रत उपलब्ध नाही. इतक्या रात्री जागून राखलेला तो आवाज आपल्यापैकी कोणालाही ऐकता यायचा नाही.

आपल्या मराठीचेच उदाहरण घ्या. 1929 साली कोल्हापुरात प्रभात फिल्म कंपनी निघाली. तिच्या भागीदारांपैकी विष्णुपंत दामले. फत्तेलालांबरोबर त्यांनी दिग्दर्शित केलेल्या 1936 सालच्या ‘संत तुकाराम’चा पुढच्याच वर्षी व्हेनिसच्या महोत्सवात गौरव झाला, हे ठाऊक नाही असा जुना चित्रपटरसिक सापडणे कठीण. पण बोलपट आल्यावर प्रभातचे ध्वनिमुद्रण याच दामल्यांनी सांभाळले, 1932 सालच्या ‘अयोध्येचा राजा’मागचे कान त्यांचे होते, हे कितीजणांना आठवते? नाव राहिले ते दिग्दर्शक म्हणून. एवढ्या मोठ्या माणसाच्याही कामाचा जो भाग कानांचा होता, तोच आपल्या विस्मरणात गेला.

तिकडे अमेरिकेत तरी निराळे काय आहे? चित्रपटात पावलांचे, दारांचे, कपड्यांच्या सळसळीचे आवाज नंतर चित्राबरोबर जुळवून वाजवावे लागतात. जॅक फॉली नावाच्या गृहस्थाने ही कला अशी रुजवली की आज जगभर तिला त्याच्याच आडनावाने ओळखतात. आणि त्याच्याविषयी लिहिणारे सांगतात की त्याच्या हयातीत पडद्यावरच्या नामावळीत त्याचे नाव कधी आले नाही. 

पुण्यात प्रभातच्या त्याच जागेवर 1960 साली चित्रपटाचे शिक्षण देणारी सरकारी संस्था उभी राहिली. तेथे ध्वनिमुद्रण शिकलेल्या केरळच्या रसूल पूकुट्टी यांना 2009 साली दोन परदेशी सहकाऱ्यांसह ऑस्कर मिळाले. पारितोषिक घेताना त्यांनी ओंकाराचा आणि त्याच्या आधीच्या व नंतरच्या शांततेचा उल्लेख केला. मला त्याचा अर्थ तेव्हा उमगला नव्हता. आमच्या हिंदी चित्रपटांत कित्येक वर्षे जागेवरचा आवाज नुसता खुणेपुरता घ्यायचा आणि नट पुढे स्टुडिओत बसून पुन्हा बोलायचे, असाच प्रघात होता. 2001 सालच्या ‘लगान’ने तो मोडला आणि बोलले तेथेच, बोलले तसेच मुद्रण केले. त्या चित्रपटाच्या ध्वनीबद्दल एच. श्रीधर यांच्याबरोबर नकुल कामते यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. आमच्या विद्यार्थ्याची काठी ज्या वाटेने चालली आहे, ती वाट ही.

गेल्या दिवाळीत तो घरी आला होता. मी त्याला अंगणात बसवून सगळे सांगून टाकले. यादी, टीव्ही, साबणाची जाहिरात, दुसऱ्या रांगेतले धोतर. तो बराच वेळ काही बोलला नाही. मग म्हणाला, “सत्काराचं काही नाही, गुरुजी. पण माझं काम काय आहे ते बाबांना शेवटपर्यंत कळलं नाही. मी सांगितलं असतं तर पोरगा बढाई मारतो असं त्यांना वाटलं असतं. तुम्ही सांगितलं असतं तर पटलं असतं.”

या वाक्यावर मी वर्षभर विचार करतो आहे. त्याने माझ्याकडे कीर्ती मागितली नव्हती. पडद्यावर नाव यावे हेही मागितले नव्हते. खरे पाहता नुसत्या नावाने तरी काय होते? आजकाल एकेका चित्रपटाच्या शेवटी शेकडो नावे सरकतात. ती वाचायला थांबतो कोण? नाव छापणे सोपे आहे, ओळख ठेवणे अवघड. त्याचे मागणे एवढेच होते की ज्याला त्याच्या कामाची पारख करता येत होती, त्याने ती करावी आणि चार माणसांत बोलून दाखवावी. ते माझे कामच होते. मास्तर म्हणजे दुसरे काय?

तेव्हा आता मला असे वाटते की आपण दोन निराळ्या गोष्टींची गल्लत करतो. काम चालू असताना दिसेनासे होणे ही त्या माणसाची विद्या आहे. ती त्याने कष्टाने मिळवलेली असते, आणि तिच्यात त्याचा आनंदही असतो. त्या आनंदाला निष्काम म्हणा, योग म्हणा, माझी हरकत नाही. पण काम संपल्यावरही तो दिसेनासाच राहिला तर त्यात त्याचा योग कोठला? तो आपला आळस आहे. पहिल्या गोष्टीचे पुण्य त्याचे, दुसऱ्या गोष्टीचे पाप आपले. आणि आपण मोठ्या चतुराईने त्याचे पुण्य पुढे करून आपले पाप झाकत असतो. फळाची आशा सोडावी, हा उपदेश ज्याने त्याने स्वतःला करायचा असतो. दुसऱ्याला केला म्हणजे ते त्याचे फळ हिसकावणेच होते. आणि फळ म्हणजे नुसती वाहवा नव्हे. मालिकेच्या कामाचे पैसे कधी कधी तीन-तीन महिन्यांनी हातात पडतात, असे तो सहज बोलून गेला. ज्याचे काम दिसत नाही, त्याची मजुरीही लवकर दिसत नाही. लाउडस्पीकरवाल्याचे उरलेले पैसे मंडई उठल्यावर किती दिवसांनी दिले जातात, हे ज्याने त्याने आपापल्या गावात आठवून पाहावे.

कोणी म्हणेल, असे प्रत्येकाकडे पाहत बसलो तर नाटक कधी पाहायचे? बरोबर आहे. नाटक चालू असताना त्याच्याकडे पाहू नये. आपण पाहू नये म्हणूनच तो झटत असतो. पण नाटक संपते, चित्रपट संपतो, जेवण आटोपते. तेव्हा मात्र आपल्याला वळून पाहायला सवड असते.

त्या संध्याकाळी उठण्यापूर्वी त्याने मला त्याच्या कामातली एक रीत सांगितली. एखाद्या जागेचे चित्रण आटोपले की सगळ्यांना अर्धा मिनिट स्तब्ध उभे करतात. नायक असो की चहावाला पोऱ्या, कोणी हालायचे नाही. तेवढा वेळ त्या जागेची नुसती शांतता मुद्रित करतात. कारण प्रत्येक जागेची शांतता निराळी असते. पुढे संवादांचे तुकडे जोडताना मध्ये मोकळी जागा राहिली तर तेथे आवाज मेल्यासारखा वाटतो. म्हणून त्या फटींत त्याच जागेची शांतता भरावी लागते. “त्या अर्ध्या मिनिटात मोठमोठे नट आमचं ऐकतात, गुरुजी,” तो हसून म्हणाला. त्याला बोलता बोलता थांबून आमच्या अंगणाकडे कान लावताना पाहिले, आणि मला बाकावर उभा केलेला तो मुलगा आठवला.

दिवाळीची सुटी संपल्यावर मी ही रीत माझ्या वर्गात सुरू केली. दुपारच्या सुटीआधी अर्धा मिनिट सगळ्यांनी गप्प बसायचे आणि मग काय काय ऐकू आले ते पाटीवर किंवा वहीत लिहायचे. पहिल्या दिवशी बहुतेकांनी लिहिले, ‘काहीच ऐकू आले नाही.’ आठवड्याभरात चिमण्या आल्या, रस्त्यावरचा ट्रॅक्टर आला. मग एके दिवशी एका मुलीने लिहिले, ‘खिचडीवाल्या काकू तांदूळ निसत आहेत. एक खडा सापडला, तो त्यांनी फेकला.’

मी ती वही घेऊन स्वयंपाकखोलीत गेलो. इतकी वर्षे मी त्या बाईंच्या हातची खिचडी चाखून नोंदवहीत सही करतो आहे. त्यांच्याशी बोललो असेन ते मीठ कमी पडले तेव्हा. मी त्यांना ते वाचून दाखवले. त्यांनी हातातले सूप खाली ठेवले, पदराला हात पुसले आणि म्हणाल्या, “कोनी लिवलं जी हे?”

मी त्या मुलीला हाक मारली.